हायकोर्टाची ऑर्डर हातात आहे, पण ऑफिस हलत नाही? मग हे ऐका

नमस्कार मंडळी. आजचा व्हिडिओ हायकोर्टात जिंकूनसुद्धा प्रांत ऑफिसला हेलपाटे मारणाऱ्यांसाठी आहे. समजा राजापूरकडच्या एखाद्या काकांची हापूसची कलमं हायवेच्या चौपदरीकरणात गेली, मोबदल्यासाठी ते हायकोर्टात गेले, कोर्टाने सांगितलं 12 आठवड्यांत पैसे द्या, आणि आता 40 आठवडे झाले तरी काउंटरवर उत्तर एकच, फाईल वर पाठवलीय. अशा वेळी अवमान याचिका, म्हणजे कोर्टाची ऑर्डर पाळली नाही म्हणून केलेली याचिका, करता येते, कोर्टात सगळे तिला कंटेम्प्टच म्हणतात.

कायदा 1971 चा. शिक्षा 6 महिन्यांपर्यंत साधी कैद, नाहीतर 2000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. 2000 ला कोण घाबरतंय असं वाटेल, पण यात साहेबांना नावानिशी पार्टी, म्हणजे प्रतिवादी, करतात, कोर्टाने बोलावलं की स्वतः उभं राहावं लागतं, ॲफिडेव्हिट द्यावं लागतं, आणि म्हणूनच अडकलेली फाईल बऱ्याचदा तारखेच्या आधी सुटते. आणि जेल होतच नाही असं समजू नका, 2006 मध्ये आरागिरण्यांच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने आपल्याच राज्याचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना 1 महिन्याची कैद दिली होती.

पण आधी ऑर्डर नीट वाचा, शेवटचा पॅरा तर दोनदा वाचा. "मोबदला द्या" असं लिहिलंय की "अर्जावर 8 आठवड्यांत निर्णय घ्या" असं? दुसरं असेल आणि ऑफिसने अर्ज फेटाळून पत्र दिलं, तर निर्णय घेतला गेला, ऑर्डर पाळली गेली, मग त्या निर्णयाविरुद्ध नवी याचिकाच करावी लागते. यात खूप लोक फसतात आणि मला याचं खरंच वाईट वाटतं, कारण पेढे वाटून झालेले असतात.

दुसरं म्हणजे पोच. कंटेम्प्टमध्ये साहेबांना ऑर्डर माहीत होती आणि तरी मुद्दाम पाळली नाही हे दाखवावं लागतं. सर्टिफाइड कॉपी अर्जासोबत आवक विभागात द्या आणि तुमच्या प्रतीवर तारखेसकट शिक्का घ्या. साहेब बदलले तर नव्या साहेबांना परत द्या, कंटाळा करू नका. आणि "आम्ही अपील केलंय" म्हणाले तर एवढंच विचारा, स्टे, म्हणजे स्थगिती, मिळालाय का? नुसत्या अपीलने ऑर्डर थांबत नाही.

कंटेम्प्ट करायची मुदत 1 वर्षाची आहे. काकांच्या केसमध्ये ते 12 आठवडे संपले तिथून मोजायचं, आणि "करतो, करतो" ऐकण्यात हेच वर्ष निघून जातं. रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना आता यासाठी मुंबई गाठायची गरज नाही, 18 ऑगस्ट 2025 पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच कोल्हापूरला सुरू झालंय, रायगडवाल्यांना मात्र अजून मुंबईच. ऑर्डरमधली मुदत संपून 10-11 महिने झाले असतील तर हा व्हिडिओ बंद करा आणि आधी वकिलांना फोन लावा.