मेघोळच्या धुक्यातला संथ नाद

श्रोतेहो, नमस्कार.

ग्वाल्हेरच्या माणसाला तानसेनाच्या दीपक रागाची आख्यायिका नव्याने सांगावी लागत नाही. राग गायला आणि दिवे पेटले, एवढ्यावर ती कथा थांबत नाही, हे मला तिच्यात फार मोलाचे वाटते. स्वरातून आग निघते असे एकदा मानले, की गाणाऱ्याच्या अंगाचाही दाह व्हायला हवा आणि तो शमवायला मेघमल्हार लागायला हवा. हा हिशेब ती चोख पुरा करते. कल्पित जगातला चमत्कार रचताना आपणही हाच हिशेब पाळायचा, असे ठरवून मी मेघोळ नावाचे एक खोरे कल्पिले आहे आणि तिथली एकच नवलाची गोष्ट आज आपल्यापुढे मांडणार आहे.

मेघोळमध्ये दिवस मावळला की नदीतून फेसाळ धुके वर येते, घरांच्या आढ्यांपर्यंत चढते आणि पहाटे ओसरते. त्या धुक्यात आवाज सेकंदाला अवघे २ मीटर चालतो, म्हणजे झपाझप पावले टाकणाऱ्या माणसाच्या वेगाने. आपल्या हवेत, २० अंश सेल्सिअस तापमानाला, तो सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. आपल्या ग्वाल्हेरच्या किल्ल्याच्या एका टोकाला नगारा वाजला, तर तो दुसऱ्या टोकाला सात-आठ सेकंदांत पोहोचेल. मेघोळच्या धुक्यात तेवढ्याच अंतराला वीस मिनिटांहून अधिक वेळ लागेल.

यासाठी धुकेच कशाला, हवाच जड केली तर चालणार नाही का? नाही चालणार. वायूतल्या आवाजाचा वेग १७० पटींनी उतरवायचा, तर त्याचे रेणू सुमारे २९ हजार पटींनी जड करावे लागतात. मग वातावरणाची जाडीही तितक्याच पटींनी घटते आणि सगळी हवा जमिनीलगत जेमतेम फूटभर उंचीत साचते; त्या जगात माणसाला उभे राहून श्वासही घेता येणार नाही. फेसाची गोष्ट वेगळी आहे. पाण्यात आवाज सेकंदाला सुमारे १,४८० मीटर धावतो, परंतु अर्धे पाणी आणि अर्धी हवा असे बुडबुड्यांचे मिश्रण केले, तर तोच वेग सुमारे २० मीटरपर्यंत, म्हणजे नुसत्या हवेतल्या वेगाच्याही कितीतरी खाली येतो, कारण असे मिश्रण हवेसारखे सहज दाबले जाते आणि वजनाला मात्र पाण्यासारखे भारी राहते. श्रोत्यांनी हे घरी अवश्य ऐकून पाहावे. कपभर गरम दुधात कॉफीची पूड घालून ढवळावे आणि लगेच चमच्याने कपाच्या तळाशी टकटक करत राहावे. सुरुवातीला स्वर खाली गेलेला असतो आणि बुडबुडे निघून जातात तसतसा तो चढत जातो.

२० मीटरवरून २ मीटरवर मी माझ्या अधिकारात उतरलो आहे. खरा फेस आवाज गिळून टाकतो, मेघोळचे धुके गिळत नाही आणि ते अंगाला किंवा तारेला जडही लागत नाही. एवढ्या सवलती घेतल्यावर पुढचे सारे नियमाने व्हायला हवे.

पहिला फटका कानांना बसतो. आवाज कोणत्या बाजूने आला हे आपल्याला कळते, त्याचे एक मोठे कारण असे, की तो एका कानात दुसऱ्यापेक्षा किंचित आधी पोहोचतो; हा फरक फार तर सेकंदाच्या हजाराव्या भागाहूनही कमी असतो. मेघोळमध्ये तो सेकंदाचा दहावा भाग होतो, म्हणून बाजूने आलेली प्रत्येक टिचकी दोनदा ऐकू येते आणि दिशा हरवते. मीटरभर अंतरावरचा ठेका गायकाला अर्धा सेकंद उशिरा कळतो, म्हणजे मध्यलयीत जवळजवळ एक मात्रा. बासरी तर मुकीच होते, कारण तिचा स्वर नळीची लांबी आणि आवाजाचा वेग यांवर ठरतो आणि इथे तो सात सप्तकांहून अधिक खाली, ऐकूच न येण्याइतका उतरतो. तारेचा स्वर तिच्या ताणावर आणि वजनावर ठरत असल्यामुळे सतार वाचते.

माणसाच्या गळ्याचे काय होते, याचा विचार मला सर्वांत अधिक गुंतवून ठेवतो. स्वरतंतूंचा कंप धुक्यातही बहुतांशी तोच राहतो, म्हणून षड्ज षड्जच राहतो. पण ‘आ’ आणि ‘ई’ वेगळे होतात ते मुखाच्या पोकळीतल्या घुमण्याने, आणि धुके श्वासाबरोबर तिथेही भरलेले असल्यामुळे ते घुमणे ढासळते. हीलियम तोंडात घेऊन बोलणाऱ्याचा आवाज चिरका लागतो, त्याच्या नेमके उलट हे घडते. स्वर टिकतात आणि चीजेचे शब्द बुडतात. ग्वाल्हेर घराण्याच्या हद्दू-हस्सू खाँसाहेबांच्या ज्या गायकीला बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी महाराष्ट्रात रुजवले, तिचा खुला ‘आ’कार ऐकत वाढलेल्या आपल्या कानांना हे सोसणे कठीण जाईल.

चालत्या गायकाची तऱ्हा आणखी निराळी. नाद करणारा जवळ येताना स्वर चढतो आणि दूर जाताना उतरतो, हा डॉप्लरने १८४२ मध्ये मांडलेला नियम १८४५ मध्ये नेदरलँड्समध्ये उत्रेख्तजवळ आगगाडीवर वादक बसवून तपासला गेला, कारण फरक जाणवण्याइतका वेग तेव्हा आगगाडीलाच होता. मेघोळमध्ये पायांचा वेग पुरतो. सेकंदाला १ मीटर चालीने कोणी षड्ज लावून आपल्याकडे येत असेल, तर आपल्याला तार षड्ज ऐकू येतो आणि तो पुढे निघून गेला की मंद्र सप्तकातला मध्यम. तोच सेकंदाला ४ मीटर धावत आला, तर तो आधी पोहोचतो आणि त्याचे गाणे मागाहून, उलट्या क्रमाने येते. त्याने घेतलेला आरोह आपल्या कानी अवरोह होऊन पडतो.

तरीही मेघोळमध्ये रात्रीच्या मैफली होतात. लाकडात नाद सेकंदाला हजारो मीटर धावतो आणि धुक्याचा त्याच्यावर काही अंमल चालत नाही. म्हणून तिथे गायक, तंबोरा, तबला आणि श्रोते असे सगळे एकाच सागवानी फळ्यांच्या बैठकीवर बसतात. प्रत्येकासमोर फळीत ठोकलेली एक खुंटी असते, कानात मेण असते आणि खुंटीवर हनुवटी टेकवलेली असते. ठेका फळीतून जबड्याच्या हाडात आणि तिथून थेट अंतर्कर्णात जातो, आणि तबलजी व गायक एकाच वेळी समेवर येतात.