सर्व्हे नंबर अमुक, हिस्सा नंबर तमुक

नमस्कार. पत्रिकेत 'नव्या वस्त्या कशा वसवाव्यात' असा विषय छापलाय, त्याकडे येतोच. त्याआधी आपापल्या लाइटबिलावरचा पत्ता आठवा. पुण्यातल्या डेक्कन, एरंडवणं, प्रभात रस्ता इथल्या मंडळींच्या पत्त्यात बहुधा 'फायनल प्लॉट नंबर' असेल. शहराच्या कडेच्या उंड्री, पिसोळी, वाघोलीहून जे आलेत, त्यांच्या पत्त्यात 'सर्व्हे नंबर अमुक, हिस्सा नंबर तमुक'. माझं आजचं सगळं म्हणणं या एका फरकात आहे.

सर्व्हे नंबर म्हणजे शेत आणि हिस्सा म्हणजे भावाभावांची वाटणी. आजोबांचं रान चार मुलांत वाटलं गेलं. प्रत्येकाला रस्त्याकडे तोंड हवं, म्हणून लांबच लांब उभ्या पट्ट्या पडल्या. ज्वारीला त्याची काही अडचण नव्हती. बैलगाडी बांधाच्या कडेने जायची, वाट कुणी अडवली तर तहसीलदाराकडे दाद मागता यायची. मग शहर आलं. एका भावाने पट्टी बिल्डरला दिली, दुसऱ्याने चार वर्षं थांबून दुसऱ्याच बिल्डरला, तिसऱ्याची कोर्टात अडकली. प्रत्येक पट्टीचा नकाशा वेगळा मंजूर झाला, आणि सगळं नियमात बसवून. जिथे बांध होता तिथे आठ फुटी भिंत उभी राहिली. बांधावरून बैलगाडी जायची, या भिंतीवरून फक्त मांजर जातं.

माझी धाकटी बहीण अशाच एका पट्टीत राहते. तिच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून मागच्या सोसायटीतली एक गॅलरी दिसते. त्या घरातली मुलगी आणि बहिणीची नात एका वर्गात, एका बाकावर. दोघी गॅलरीतून एकमेकींना वह्या उघडून दाखवायच्या. पण वही हातात द्यायची तर काय करायचं? गेटबाहेर पडा, टँकरची रांग ओलांडा, फूटपाथ नसलेल्या मुख्य रस्त्यावर डंपर चुकवत चाला, वळसा घाला, दुसऱ्या गेटवर रजिस्टरमध्ये नाव लिहा. आठ वर्षांच्या पोरीला हे कोण करू देईल? मग आजोबा स्कूटर काढायचे.

मी नोकरीभर नगररचनेचंच काम केलं, त्यामुळे गप्प बसवेना. जुन्या वाड्याच्या मोठ्या दारात दिंडी, म्हणजे छोटं दार असतं, तशी एक दिंडी त्या भिंतीत ठेवा, एवढंच सुचवलं. दोन्हीकडच्या सर्वसाधारण सभांना गेलो. कुणी म्हणालं, तिकडची मुलं आपल्या बागेत येतील. कुणी म्हणालं, आज दिंडी मागताय, उद्या रस्ता मागाल. एका गृहस्थांनी विचारलं, तिथल्या वॉचमनचा पगार कोण देणार? तो प्रश्न रास्त होता, त्यावर आम्ही निम्मे-निम्मे असा तोडगाही काढला. मग मुद्दा आला, भिंत कुणाच्या हिश्श्यात? मोजणी मागवायची ठरलं आणि तिथेच घोडं अडलं. नात आता कॉलेजात जाते. दिंडी झालेली नाही.

माझा राग त्या रहिवाशांवर नाही. आयुष्याची कमाई घालून त्यांनी घर घेतलंय, ते जपणारच. राग याचा आहे, की वस्ती कशी असावी हे ठरवायची वेळ त्यांच्या आधी कितीतरी वर्षं येऊन गेली होती, आणि तेव्हा ते कुणीच ठरवलं नाही.

अध्यक्षांची चिठ्ठी आलीय, दहा मिनिटं उरलीत. मूळ विषय उरकतो.

फायनल प्लॉट आला कुठून? टाउन प्लॅनिंग स्कीममधून, म्हणजे नगररचना योजनेतून. १९१५ साली मुंबई इलाख्यात त्याचा कायदा झाला. पद्धत अशी, की पूर्ण पट्ट्यातल्या सगळ्यांच्या जमिनी कागदावर एकत्र करायच्या, जुने बांध पुसायचे, त्यातून आधी रस्ते, शाळा, बागा काढायच्या आणि उरलेली जमीन त्याच मालकांना नीट आकाराच्या भूखंडांत परत द्यायची. मालकाची जमीन घटते, पण भाव वाढतो, आणि खर्चाचा काही भाग त्या वाढीतून वसूल करता येतो. कुणी देशोधडीला लागत नाही. अहमदाबाद मोठ्या प्रमाणावर असंच वाढलं. आपण मात्र पुढे विकास आराखड्यावर विसंबलो. आराखडा रस्त्याची रेघ मारतो, खालची जमीन सर्व्हे नंबरचीच राहते. म्हणून डीपी रोड, म्हणजे आराखड्यातला रस्ता, मध्येच पत्र्याला जाऊन थांबतो आणि आपण त्याला 'मिसिंग लिंक' म्हणतो.

सक्तीने जमीन घ्यायची वाटही आपण चालून पाहिली. १९७२ साली पिंपरी-चिंचवडचं प्राधिकरण झालं. निगडीचे रस्ते आजही बघावेत असे आहेत. पण घेतलेल्या जमिनीपैकी मूळ शेतकऱ्याला परत द्यायचा साडेबारा टक्के वाटा दशकानुदशकं रखडला, हे विसरून त्या रस्त्यांचं कौतुक मला करवत नाही. उलट मगरपट्ट्यात सुमारे १२० शेतकरी कुटुंबांनी आपणहून चारशेहून अधिक एकर एकत्र केले आणि जमिनीच्या प्रमाणात कंपनीत भागीदारी घेतली. बांध तिथेही पुसले गेले, पण मालकांच्या हाताने. एका भावकीचा मोठा आधार होता म्हणून ते जमलं, दर गावात जमेल असं नाही. जिथे जमणार नाही, तिथे सरकारने योजना करावी. पीएमआरडीएने, म्हणजे पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने, म्हाळुंगे-माणला ती हाती घेतलीय.

घाई यासाठी, की २०१७ मध्ये ११ आणि २०२१ मध्ये २३ गावं पुणे महापालिकेत आली, तेव्हा कित्येक ठिकाणी इमारती आधीच उभ्या होत्या. तिथे आता दिंड्याच मागाव्या लागणार. पण त्यांच्या पलीकडच्या गावांत अजून ऊस उभा आहे. तिथे पहिला नकाशा मंजूर व्हायच्या आत योजना लागली पाहिजे. आणि त्या योजनेत धुणीभांडी करणाऱ्या बायकांची, वॉचमनची, रिक्षावाल्याची घरंही आखली पाहिजेत. यावर स्वतंत्र बोलायचं होतं, राहून गेलं.

प्रारूप योजना जाहीर झाली की हरकती-सूचनांना मुदत असते. तेव्हा जाऊन नकाशा मागा. शाळेच्या भूखंडावर बोट ठेवा आणि विचारा, इथे मुलं पायी कुठून येणार? उत्तर मिळालं नाही, तर तीच हरकत लेखी द्या आणि पोच घ्या.