उद्याचं पान उद्याच

[दृश्य: लंडनचं लिव्हरपूल स्ट्रीट स्टेशन, कृष्णधवल]

१६ नोव्हेंबर १९६६. बीबीसीवर रात्रीच्या बातम्या संपल्या आणि लगेच ‘कॅथी कम होम’ हे टीव्ही-नाटक लागलं. घर गेलेली कॅथी स्टेशनवर पोरांना कवटाळून बसलीय. सरकारी माणसं येतात, पोरं ओढून नेतात. बातम्याच चालू आहेत की काय, असं वाटावं, हा दिग्दर्शकाचा बेतच होता. सुमारे १ कोटी २० लाख लोकांनी ते पाहिलं. पंधरा दिवसांत बेघरांसाठी ‘शेल्टर’ ही संस्था सुरू झाली. तिची तयारी आधीच झाली होती, पण लोकांच्या मनात दोन्हींची गाठ बसली ती बसलीच.

दिग्दर्शक होता तिशीचा केन लोच. इंग्लंडमधल्या ननीटनच्या एका इलेक्ट्रिशियनचा मुलगा, ऑक्सफर्डात कायदा शिकलेला.

[दृश्य: बार्न्सली, कोळशाच्या खाणी, हातावर ससाणा घेतलेला मुलगा]

१९६९ चा त्याचा चित्रपट ‘केस’. नायक तिथल्याच शाळेतला पोरगा, डेव्हिड ब्रॅडली. लोच कथेच्या क्रमानं चित्रण करतो आणि नटांना पुढची पानं आधी देत नाही. उद्याचं पान उद्याच. कॅमेरा लांब, लेन्स मोठी, म्हणजे नट त्याला विसरतो. हेडमास्तरांच्या खोलीतल्या छड्या पोरांनी खरोखर खाल्ल्या. खरेपणासाठी एवढं करावं का? मला अजूनही ते खटकतं.

ऐंशीचं दशक त्याला जड गेलं. कामगार संघटनांवरचे माहितीपट वाहिन्यांनी अडवले. पोटासाठी त्यानं जाहिराती केल्या, चक्क मॅकडोनाल्ड्सचीसुद्धा. ती आपल्या मनाला टोचते, हे त्यानंच पुढं कबूल केलं. १९९० च्या ‘हिडन अजेंडा’नं तो परतला. २००६ मध्ये आयर्लंडच्या स्वातंत्र्यलढ्यावरच्या चित्रपटाला कान चित्रपट महोत्सवात पाम दोर हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याआधी, १९७७ मध्ये, सरकारी किताब मात्र त्यानं नाकारला होता.

[दृश्य: न्यूकॅसल, फूड बँक]

‘कॅथी’नंतर बरोबर ५० वर्षांनी, २०१६ मध्ये, ‘आय, डॅनियल ब्लेक’. हृदयविकाराचा झटका आलेला सुतार भत्त्यासाठी कचेऱ्यांचे उंबरे झिजवतोय. त्याच्याबरोबर आलेली केटी, दोन मुलांची आई, मुलांना जेवू घालून स्वतः उपाशी राहिलेली. फूड बँकेत, म्हणजे गरजूंना फुकट शिधा मिळतो तिथं, कपाटाशी उभी असताना तिला राहवत नाही. ती डबा फोडते आणि बीन्स हातानंच तोंडात कोंबते. मग भानावर येते. रडते. डॅनियल म्हणतो, यात तुझी काही चूक नाही.

इथं पार्श्वसंगीत नाही. आपणही आता गप्प राहू.

[दृश्य तसंच सुरू राहतं]